पगडी, जोडा आणि एक वाटी खीर

चित्रपट बघता बघता झोप लागणं हा दोष नसून ती एक साधना आहे, असं माझं मत आहे. गेली चाळीस वर्षं मी ती निष्ठेनं करीत आलो आहे. त्यामुळे परवा नातीनं, "आजोबा, आज तुम्हांला हाँगकाँगचा एक पिक्चर दाखवते," असं जाहीर केलं, तेव्हा मी आधी उशी शोधली. हाँगकाँगचा पिक्चर म्हणजे एक माणूस पंधरा जणांना लाथा घालतो, एवढंच माझं ज्ञान. "लाथा सुरू झाल्या की उठव," असं तिला सांगून मी डोळे मिटणार, तेवढ्यात पडद्यावरची बाई एका घरी खोली भाड्यानं घ्यायला आली.

झालं! माझी झोप उडाली. गिरगावात वाढलेल्या माझ्या पिढीच्या माणसाच्या कानावर 'खोली' हा शब्द पडला, तर तो झोपेतूनच काय, तिरडीवरूनसुद्धा उठून बसेल आणि 'पगडी किती?' म्हणून विचारील.

चित्रपटाचं नाव 'इन द मूड फॉर लव्ह'. दिग्दर्शक वाँग कार-वाय. २००० साली मे महिन्यात तो कानच्या महोत्सवात दाखवला आणि त्यातल्या टोनी लिअंगला उत्कृष्ट नटाचं पारितोषिक मिळालं. पुढे २०१६ साली बीबीसीनं जगभरच्या समीक्षकांना या शतकातले उत्तम चित्रपट विचारले, तेव्हा यानं दुसरा नंबर पटकावला. एवढ्या मोठ्या चित्रपटात घडतं काय? तर काहीच घडत नाही. १९६२ सालचं हाँगकाँग. एका बिऱ्हाडात एक जोडपं खोली घेतं, शेजारच्या बिऱ्हाडात दुसरं. दोघंही एकाच दिवशी सामान हलवतात आणि हमाल याचं सामान त्याच्यात घालतात. पुढे कळतं की नुसतं सामानच नव्हे, माणसंही अदलाबदल झालेली आहेत. हिच्या नवऱ्याचं आणि त्याच्या बायकोचं सूत जुळलेलं असतं. हे कशावरून कळतं? हिच्याजवळच्या पर्ससारखीच पर्स त्याच्या बायकोकडे असते आणि त्याच्या टायसारखाच टाय हिच्या नवऱ्याकडे! मग उरलेली दोघं एकमेकांजवळ बसून कोडं सोडवतात, की त्यांचं जमलं तरी कसं? ते सोडवता सोडवता यांचंही जमतं. पण आपण त्यांच्यासारखं व्हायचं नाही, असं ठरवून ही शहाणी माणसं बोटालाही बोट लागणार नाही अशी वागतात. गंमत म्हणजे जी दोघं गुन्हेगार, त्यांचे चेहरे दिग्दर्शक अखेरपर्यंत दाखवत नाही. नुसती पाठ आणि आवाज.

"आजोबा, किती तरल आहे ना?" नात म्हणाली.

मी म्हटलं, "ते असेल. पण चांगल्या नोकरीची माणसं दुसऱ्याच्या घरात एकेका खोलीत का राहतात, ते आधी सांग."

नातीला ते सांगता येईना. तिचा जन्म ब्लॉकमधला. तेव्हा ते मी सांगतो.

१९४५ साली महायुद्ध संपलं तेव्हा हाँगकाँगची वस्ती जेमतेम सहा लाख होती. पुढच्या पाच-सहा वर्षांत ती वीस लाखांच्या वर गेली. चीनमध्ये यादवी पेटली, १९४९ साली माओचं राज्य आलं आणि शांघायहून माणसांचे लोंढे दक्षिणेला इंग्रजांच्या या बेटाकडे निघाले. गिरणीमालक आले, काहींनी तर परदेशातून मागवलेली यंत्रं शांघायऐवजी हाँगकाँगलाच उतरवून घेतली. शिंपी आले, गायिका आल्या, कारकून आले. चित्रपटातली घरमालकीण अशीच शांघायची, तिथलीच बोली बोलणारी. दिग्दर्शकही शांघायला १९५८ साली जन्मलेला आणि पाच वर्षांचा असताना हाँगकाँगला आलेला. माणसं आली, घरं कुठून येणार? घरं काही आगगाडीत बसून येत नाहीत.

गरिबांची दशा तर विचारूच नका. १९५३ च्या नाताळच्या रात्री शेक किप मे नावाच्या झोपडवस्तीला आग लागली आणि एका रात्रीत पन्नास हजारांच्या वर माणसं उघड्यावर आली. मग सरकारनं त्यांच्यासाठी इमारती बांधल्या. त्यात मोठ्या माणसामागं जागा किती? चोवीस चौरस फूट. म्हणजे सहा बाय चार. माणूस आडवा झाला की जागा संपली. कूस बदलायची तर शेजाऱ्याची संमती घ्यायची. आपल्या चित्रपटातली माणसं त्या मानानं सुखवस्तू. एकानं अख्खं बिऱ्हाड घ्यायचं आणि त्यातली खोली पोटभाड्यानं द्यायची, या रिवाजातली. खोली तुमची, बाकी जिना, बोळ, स्वैपाकघर आणि तुमची अब्रू सामायिक.

यात कायद्याचाही हात होता. युद्धानंतर भाडी भडकू नयेत म्हणून हाँगकाँग सरकारनं १९४७ साली जुन्या घरांची भाडी बांधून टाकली. आणि वाचकहो, योगायोग बघा, त्याच १९४७ साली आपल्या मुंबई सरकारनंही भाडे नियंत्रण कायदा करून भाडी १ सप्टेंबर १९४० च्या भावाला खिळवून ठेवली. हेतू दोन्हीकडे उत्तम. पण घरमालक ही जात जगभर एकच. भाडं वाढवता येत नाही ना, मग वरकड आणा! या वरकड रकमेला आपण पगडी म्हणतो. हाँगकाँगच्या बोलीत तिला जो शब्द होता, त्याचा सरळ अर्थ 'जोड्याचे पैसे'. म्हणजे आपण मालकाच्या डोक्याची सोय करायची आणि त्यांनी पायांची. मधल्यामधे नागवा दोन्हीकडे भाडेकरूच. आपल्याकडे ही पगडी पन्नासएक वर्षं गुन्हा होती आणि ती गुपचूप दिल्याशिवाय खोली मिळत नव्हती. १९९९ चा नवा कायदा ३१ मार्च २००० पासून लागू झाला आणि ती राजरोस झाली. त्यानंतर दोनच महिन्यांनी हा चित्रपट कानला झळकला, याला मी योगायोग मानायला तयार नाही.

१९६२ साली मी दहा वर्षांचा होतो. आमची चाळ गिरगावात, मजला तिसरा, खोल्या बारा. चिनी माणसांशी आमचा संबंध म्हणजे आधी 'हिंदी-चिनी भाई भाई' आणि ऑक्टोबरात युद्ध सुरू झाल्यावर चीनच्या नावानं अंगणात शिमगा. त्याच वर्षी तिकडे हाँगकाँगमध्ये आमच्यासारखीच माणसं आमच्यासारखीच सामायिक भिंतींना कान लावून जगत असतील, हे आम्हांला कोणी सांगितलं असतं तर आम्ही त्याला फितूर ठरवलं असतं.

चित्रपटात एक प्रसंग आहे. तो आजारी पडतो आणि त्याला तिळाची गोड लापशी खावीशी वाटते. हे तिच्या कानावर जातं. आता एका परपुरुषासाठी वाटीभर लापशी करायची कशी? सामायिक स्वैपाकघर; दहा डोळे चुलीवर. तेव्हा ती काय करते? मोठं पातेलंभर लापशी करते आणि सगळ्यांना वाटते. त्या सगळ्यांत तोही.

हे पाहिलं आणि मी ताडकन उठून बसलो. सौ. म्हणाली, "काय हो, लाथा सुरू झाल्या का?"

लाथच ती. पण ती मलाच बसली होती.

आमच्या मजल्यावर कोपऱ्याच्या खोलीत एक मास्तर पोटभाडेकरू होते. पोटभाडेकरू म्हणजे खोली मालकाच्या कुटुंबाची आणि मास्तरांची गॅलरीतली खाट. पावसाळ्यात ती खाट आत यायची आणि मास्तर बाहेर जायचे. रात्रशाळेत शिकवायचे, सडपातळ, आणि दिवाळी सरली की खोकायचे. समोरच्या खोलीतली ताई टायपिंग शिकत होती. एका थंडीत मास्तर गॅलरीत कोणाशी तरी बोलताना म्हणाले, की आई होती तोवर या दिवसांत अळिवाची खीर मिळायची. मी तिथंच गोट्या खेळत होतो. ताई दोरीवर कपडे वाळत घालत होती.

पुढच्या रविवारी बाराही खोल्यांत अळिवाची खीर आली. सगळा मजला चक्रावला. अळिवाची खीर हे बाळंतिणीचं खाणं आणि त्या महिन्यात आमच्या मजल्यावर एकही बाळंतीण नव्हती. आमचे वडील खीर ओरपून मिशा पुसत आईला हळूच म्हणाले, "कोण बाळंत झालं गं?" आई नुसती हसली. त्या थंडीत अशी खीर चार-पाच वेळा झाली. मजल्यावरच्या यच्चयावत पुरुषांची तब्येत सुधारली.

आणि वाट्या पोचवायचं काम माझं होतं. रिकाम्या वाट्या परत आणायचंही.

रिकाम्या म्हणणं चूक आहे. शेजारची वाटी रिकामी परत द्यायची नाही, हा चाळीचा धर्म होता. काही नसलं तर साखरेची चिमूट. मास्तर मात्र वाटी स्वतः घासायचे, कोरडी पुसायचे आणि त्यात दोन लिमलेटच्या गोळ्या ठेवून म्हणायचे, "ताईला दे हं." कोपऱ्यापासून ताईच्या दारापर्यंतचं अंतर बावीस पावलं. तेवढ्यात एक गोळी फोडून आणि दुसरी चोखून संपवता येते. मी दर वेळी ताईच्या हातात वाटी द्यायचो ती लख्ख आणि रिकामी.

उन्हाळ्यात ताईचं लग्न ठरलं. मुलगा दादरचा, दोन खोल्यांचा. आमच्याकडे तेव्हा मुलाचं वय, शिक्षण आणि खोल्या हे तीन आकडे बघत आणि तिसरा मोठा असेल तर पहिल्या दोघांकडे काणाडोळा करीत. आई त्या दिवशी शेजारणीला म्हणाली, "पोरगा गुणी होता गं. पण ठेवणार कुठे?" मला वाटलं, चाळीच्या गणपतीत पेटी वाजवणाऱ्या पोराबद्दल बोलतायत आणि ठेवायचीय ती पेटी.

हळदीच्या आदल्या दिवशी ताईनं मला जिन्यात गाठलं. म्हणाली, "काय रे, मास्तर वाटीतून कधी काही द्यायचे का?"

मी म्हटलं, "छे!"

"नक्की?"

"देवाशप्पथ."

ती बरं म्हणाली आणि वर गेली. मला वाटलं, वाचलो. पुढच्या गणपतीच्या आधीच मास्तरांनी खाट विकली आणि ते कुठं गेले कोण जाणे. मी दोघांनाही विसरलो. तिळाची लापशी पडद्यावर उकळेपर्यंत साफ विसरलो होतो.

रात्री सौ.ला हे सगळं सांगितलं. तिनं शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाली, "अहो, गोळ्या पोचल्या असत्या तरी काय झालं असतं? मास्तरांना खोली कुठं होती? पगडी कोण भरणार होतं?"

इतिहासकारही असंच म्हणतील. ते मोठी कारणं देतात. महायुद्ध, निर्वासित, घरटंचाई, १९४७ चा कायदा. हाँगकाँगच्या त्या दोघांचं जे झालं, त्याला एवढी सगळी कारणं आहेतच. एका रात्री ती त्याच्या खोलीत असताना घरची मंडळी अचानक परत येतात आणि बाहेर माजाँगचा डाव मांडतात. डाव काही संपत नाही आणि दोन निरपराध माणसं दुसऱ्या दिवशीपर्यंत चोरासारखी आत कोंडून बसतात. दुसऱ्या खोलीचं दार असतं तर गोष्ट वेगळी झाली असती. हे सगळं मला पटतं. पण इतिहासाच्या कुठल्याही पुस्तकात एका कारणाची नोंद नसते, की निरोप्याला लिमलेट आवडत होतं.

चित्रपटातल्या जुन्या हाँगकाँगचे रस्ते बरेचसे बँकॉकमध्ये चित्रित केले, कारण हाँगकाँगमध्ये ते हाँगकाँग उरलंच नव्हतं. आमची चाळही आता नाही. तिच्या जागी बावीस मजले आहेत. मी राहतो त्या उपनगरातल्या इमारतीत शेजाऱ्याचं आडनाव मला त्याच्या वीजबिलावरून समजलं. शेवटी चित्रपटातला तो माणूस १९६६ साली कंबोडियात अंकोरवाटच्या देवळात जातो, भिंतीतल्या एका भोकाला तोंड लावून आपलं गुपित सांगतो आणि भोक बुजवून निघून जातो. आमच्या फ्लॅटला भोक एकच, दारावरचं, आणि तेही बाहेरून कोण आलंय ते बघण्यापुरतं. तेव्हा मी ते तुम्हांला सांगून मोकळा झालो.

दुसऱ्या दिवशी मी सौ.ला अळिवाची खीर करायला लावली आणि एक वाटी शेजारी धाडली. संध्याकाळी त्यांचा सात-आठ वर्षांचा मुलगा वाटी परत द्यायला आला. वाटी लख्ख घासलेली, कोरडी आणि रिकामी.

"आईनं थँक्यू सांगितलंय," तो कसंबसं म्हणाला.

त्याचा एक गाल फुगलेला होता.