आदेश पाळणारे कोण आणि मोडणारे कोण?

महाड म्हटले की आपल्याला २० मार्च १९२७ आठवतो. २५ डिसेंबरचे मनुस्मृती दहन आठवते. २७ डिसेंबर मात्र फारसा कुणाला आठवत नाही. त्या दिवशी बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी घेतले नाही. त्यांनी न्यायालयाचा आदेश पाळला.

आजही कुठे मोर्चा निघाला की आंबेडकरी तरुणाला 'कायदा हातात घेऊ नका' असे ऐकवले जाते. म्हणून एकदा इतिहास तपासू. कायदा कोणी पाळला आणि कोणी मोडला?

४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई विधिमंडळात सी. के. बोले यांचा ठराव मंजूर झाला. सार्वजनिक पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, दवाखाने अस्पृश्यांना खुले करावेत, असे त्यात होते. सरकारने पुढच्याच महिन्यात परिपत्रक काढले. जानेवारी १९२४ मध्ये महाड नगरपालिकेने चवदार तळे खुले केल्याचा ठराव केला. ठराव दप्तरात राहिला आणि पाणी तळ्यात राहिले. तीन वर्षांत कोणीही अंमलबजावणी केली नाही.

२० मार्च १९२७ रोजी आपले लोक तळ्यावर गेले ते नगरपालिकेचाच ठराव अमलात आणायला. त्या दिवशी महाडमध्ये कायद्याच्या बाजूने कोणी उभे असेल तर ते हेच लोक होते. त्यांना मारहाण झाली. ऑगस्टमध्ये नगरपालिकेने आपला ठरावच मागे घेतला.

डिसेंबरात पुन्हा सत्याग्रह ठरला. तेव्हा सनातनी मंडळी १२ तारखेला महाडच्या दिवाणी न्यायालयात गेली. दोनच दिवसांत, १४ डिसेंबरला, त्यांना तात्पुरता मनाई हुकूम मिळाला. हजारो लोक परिषदेला आले होते, सत्याग्रहासाठी नावे नोंदवून बसले होते. पाणी आत्ताच घ्यायचे, असाच सभेचा कल होता. बाबासाहेबांनी त्यांना थांबवले. तळ्याभोवती मिरवणूक निघाली, पण पाण्याला कोणी हात लावला नाही.

त्यानंतर सुरू झाली कोर्टाची वाट. फेब्रुवारी १९२८ मध्ये मनाई हुकूम उठला. १९३१ मध्ये महाडच्या न्यायालयात दावा फेटाळला गेला, १९३३ मध्ये ठाण्यात अपील फेटाळले गेले. शेवटी १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने निकाल दिला: अस्पृश्यांना तळ्यावर येऊ न देण्याची अनादी काळापासूनची रूढी वादींना सिद्ध करता आलेली नाही. पहिल्या ओंजळीला दहा वर्षे पूर्ण व्हायला तीन दिवस बाकी होते.

हेच बाबासाहेब २७ मे १९४९ रोजी संविधान सभेत उभे राहिले. सर्वोच्च न्यायालयाला स्वतःच्या अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार आहे की नाही, याबद्दल शंका राहू नये म्हणून त्यांनी दुरुस्ती मांडली. तेच आजचे अनुच्छेद १२९. उच्च न्यायालयांसाठी अनुच्छेद २१५ आहे. ज्याने स्वतःच्या विरोधातला आदेशही पाळला, त्याने आदेश मोडणाऱ्याला शिक्षा करण्याची तरतूद देशाला दिली. हा योगायोग म्हणून सोडून देऊ नका. कागदावरचा हक्क आणि हातात पडलेला हक्क यांतले अंतर त्यांनी महाडमध्ये मोजले होते.

हा अधिकार पोलिसांवर चालतो का? चालतो. गुजरातमधील नडियादचे मुख्य न्यायदंडाधिकारी तक्रार करत होते की पोलीस समन्स आणि वॉरंट बजावत नाहीत. सप्टेंबर १९८९ मध्ये त्याच पोलिसांनी त्या न्यायाधीशाला मारहाण केली, बेड्या घातल्या, दोराने बांधले. सर्वोच्च न्यायालयाने ११ सप्टेंबर १९९१ रोजी पोलिसांना अवमानाबद्दल दोषी ठरवले. पोलीस निरीक्षकाला सहा महिने कैद झाली. दोर न्यायाधीशाच्या अंगाला लागला तेव्हा न्यायव्यवस्था खडबडून जागी झाली. वस्तीतल्या माणसासाठी ती एवढ्या तातडीने जागी होते का?

परभणीकडे पाहा. १० डिसेंबर २०२४ रोजी बाबासाहेबांच्या पुतळ्यासमोरील संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. नंतरच्या धरपकडीत अटक झालेला कायद्याचा विद्यार्थी सोमनाथ सूर्यवंशी १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत असताना मरण पावला. त्याच्या आईची बाजू ॲड. प्रकाश आंबेडकर यांनी मांडली. ४ जुलै २०२५ रोजी औरंगाबाद खंडपीठाने आठवड्याभरात गुन्हा नोंदवा, असा आदेश दिला. आठवडा उलटला, गुन्हा नोंदवला गेला नाही. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले. ३० जुलैला ती याचिका फेटाळली गेली, आणि गुन्हा त्यानंतरच दाखल झाला.

सरकारला वर जाण्याचा हक्क आहे, हे मान्य. पण अपील म्हणजे स्थगिती नव्हे. वरच्या न्यायालयाने थांबवले नाही तोपर्यंत आदेश जिवंत असतो. १९२७ साली दोन दिवसांत मिळालेला मनाई हुकूम हजारो अस्पृश्यांनी पाळला. शंभर वर्षे होत आली, तरी वर्दीतल्या माणसाला एक आठवडा पुरत नाही!

कोणी म्हणेल, अवमानाचा कायदा तर टीकाकारांचे तोंड बंद करायला वापरतात. तो फौजदारी अवमान. आपण बोलतोय ते दिवाणी अवमानाबद्दल, म्हणजे आदेश जाणूनबुजून न पाळण्याबद्दल. १९७१ च्या कायद्यात त्याला सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही आहेत. माफी मागून सुटण्याची वाटही त्याच कायद्यात आहे. शिवाय अवमान झाल्यापासून एका वर्षात दाद मागावी लागते. तारखा पडत राहिल्या आणि आपण वाट पाहत बसलो, तर वर्ष निघून जाते.

म्हणून कार्यकर्त्यांनो, आदेश मिळाला की फटाके वाजवून घरी जाऊ नका. प्रमाणित प्रत काढा. ती पोलीस ठाण्यात आणि अधीक्षक कार्यालयात द्या. शिक्का, सही आणि तारखेसह पोच घ्या. पोच नसेल तर 'आम्हाला आदेश मिळालाच नाही' हे उत्तर तयारच असते, आणि जाणूनबुजून केले हे सिद्ध करणे अवघड होते. मुदत संपली की दुसऱ्याच दिवशी वकिलामार्फत नोटीस द्या. तरीही हालचाल नसेल तर अवमान याचिका दाखल करा. आदेश खालच्या न्यायालयाचा असला, तरी त्याच्या अवमानाची दखल उच्च न्यायालय घेऊ शकते.

महाडच्या नगरपालिकेचा ठराव तीन वर्षे दप्तरात पडून होता. तो बाहेर काढायला माणसांना तळ्यापर्यंत चालत जावे लागले. आज तळ्याच्या जागी पोलीस ठाणे आहे. हातात आदेशाची प्रत घेऊन तिथपर्यंत चालत जाणे, हे आपले काम.

जय भीम!