कोराडीहून जपान, एका दिवसात

जपानमधली एक दिवसाची सहल म्हटली की डोळ्यासमोर काय येतं? तोक्योहून सकाळी निघणारी बस, हातात छोटी झेंडी धरलेला गाइड, निक्कोचं तोशोगू देवस्थान, तिथली लाकडात कोरलेली तीन माकडं, तळ्याकाठी फोटो आणि अंधार पडता पडता परत. आईच्या भिशी मंडळाने असा एक व्हिडिओ मोबाइलवर पाहिला आणि विषय माझ्यापर्यंत आला, कारण कॉलनीत "जपानवर पीएचडी" करणारी मी एकटीच. (जपानवर नाही, नागपूर परिसरात आलेल्या जपानी भिक्खूंवर. पण हे समजावून सांगणं मी आता सोडून दिलंय.) शेजारच्या काकू म्हणाल्या, "जपान पाहाले लाखानं पैसे लागते म्हने. तू आमाले इथलंच दाखव ना वं."

तर ही त्या सहलीची गोष्ट. तुम्हीही चला. कोराडीहून सकाळी साडेसहाला टेम्पो ट्रॅव्हलर निघाली. बारा बायका, डब्यात पोळ्या, तिखट वांग्याची भाजी आणि ठेचा. मागे पॉवर हाऊसची धुराडी, डावीकडे जगदंबेच्या देवळाकडे हात जोडणं झालं आणि गाडी वर्धा रोडकडे वळली. मी बेत काळाच्या क्रमाने आखला होता: आधी सेवाग्राम, मग इंदोरा, शेवटी कामठी. नकाशा पाहिला तर हा क्रम वेड्यासारखा आहे, कामठी कोराडीच्या अगदी शेजारी. पण इतिहास समजायचा तर पेट्रोल थोडं जास्त जाळावं लागतं.

सेवाग्रामला पोचेपर्यंत सकाळची प्रार्थना होऊन गेली होती. बापूकुटी पाहिली, आदिनिवास पाहिला. सगळ्या शांतपणे बसल्यावर मी विचारलं, इथल्या रोजच्या प्रार्थनेची सुरुवात कशाने होते माहीत आहे? कुणाला माहीत नव्हतं. तुम्हालाही नसेल तर ऐका: "नम्यो हो रेंगे क्यो." हा जपानमधल्या निचिरेन परंपरेतला जप.

तो इथे कसा आला? निचिदात्सु फुजी नावाचे भिक्खू (जन्म १८८५) १९३१ साली भारतात आले. बौद्ध धर्म जिथून निघाला तिथे तो परत नेऊन पोचवायचा, असं त्यांनी ठरवलं होतं. ऑक्टोबर १९३३ मध्ये ते वर्ध्याला गांधीजींना भेटले. हातपंख्याच्या आकाराचा डफासारखा ढोल वाजवत जप करायचा, हीच त्यांची साधना. पुढे त्यांच्या पंथातला एक भिक्खू आश्रमातच राहू लागला. त्याला सगळे केशव म्हणत. दिलेलं काम मुकाट्याने करायचं आणि ठरल्या वेळी ढोल वाजवायचा, असा त्याचा दिवस. डिसेंबर १९४१ मध्ये जपानने ब्रिटनविरुद्ध युद्ध पुकारलं आणि केशवला पोलीस घेऊन गेले. शत्रुराष्ट्राचा नागरिक, बस्स, एवढाच गुन्हा. ढोल मागे राहिला.

पुढचं मला माझ्या सगळ्या संशोधनात सर्वांत महत्त्वाचं वाटतं. जुलै १९४२ मध्ये, म्हणजे जपानी फौजा ब्रह्मदेशापर्यंत येऊन ठेपल्या असताना, गांधीजींनी 'हरिजन'मध्ये जपानी जनतेला उद्देशून एक खुलं पत्र लिहिलं. चीनवरच्या आक्रमणाबद्दल त्यात जपानला खडे बोल सुनावले आहेत. आणि त्याच पत्रात या भिक्खूची आठवण आहे: तो घरातल्यासारखा होता, त्याला नेल्यामुळे चुकल्यासारखं वाटतं, आणि आम्ही त्याचा जप व त्याचा ढोल आमच्या प्रार्थनेत ठेवला आहे. ज्या देशाशी युद्ध चालू आहे त्या देशाची प्रार्थना रोज दोन वेळा. हे सोपं नव्हतं हो.

आता त्या जपाकडे नीट पाहा. सुरुवातीचं "नम" (जपानी उच्चारात नामु) म्हणजे आपलंच "नमो". पुढचे शब्द म्हणजे सद्धर्मपुंडरीक सूत्राचं नाव. कुमारजीवाने इ. स. ४०६ मध्ये चिनीत भाषांतर केलं, तिथून ते जपानी उच्चारात गेलं आणि पंधराशे वर्षांनी वर्ध्याला परत आलं. मी हे सांगत असताना काकू म्हणाल्या, "म्हंजे माहेरी आलेली लेक." मी प्रकरणाच्या मसुद्यात या प्रक्रियेसाठी दीड पान खर्च केलं होतं.

वर्ध्यात गीताई मंदिराजवळचा पांढराशुभ्र विश्वशांती स्तूप पाहिला. फोटो तिथेच जास्त निघाले. हिरोशिमा-नागासाकीनंतर फुजींनी जगभर शांतिस्तूप उभारायला घेतले, पहिला १९५४ मध्ये कुमामोतोला, बिहारमधला राजगीरचा १९६९ मध्ये. वर्ध्याचा त्याच माळेतला, फुजींच्या निधनानंतर १९९० च्या दशकात पूर्ण झालेला. जागा छान आहे, चार दिशांना बुद्धमूर्ती, आजूबाजूला बाग. पण माझं मन त्या ढोलाशीच अडकलेलं असतं, त्यामुळे मी इथे फार वेळ काढला नाही. डबे मात्र इथेच उघडले.

राजगीर लक्षात ठेवा, कारण दुसऱ्या जपानी माणसाची गोष्ट तिथूनच नागपूरला येते.

भदंत सुरेई ससाई. जन्म १९३५, ओकायामा प्रांत. दीक्षा शिंगोन पंथातली. १९६० च्या दशकात भारतात आले आणि राजगीरच्या स्तूपाच्या कामात फुजींना मदत करू लागले. मायदेशी परतायची वेळ आली तेव्हा, ते सांगतात त्याप्रमाणे, १९६७ साली एका रात्री त्यांना दृष्टांत झाला. समोर नागार्जुन. आज्ञा अशी की, दक्षिणेतल्या नागप्रासादाला जा. जपानी शब्द होता "र्‍यूगू". र्‍यू म्हणजे ड्रॅगन, गू म्हणजे राजवाडा.

इथे जरा थांबू या, कारण माझ्या प्रबंधाचा कणा इथे आहे. संस्कृत "नाग" हा शब्द चिनीत नेताना भाषांतरकारांनी त्यासाठी "ड्रॅगन" हा शब्द घेतला. म्हणून चीन-जपानमध्ये नागार्जुनाचं नाव ड्रॅगन-वृक्ष असं झालं, जपानीत "र्‍यूजू" (अर्जुन म्हणजे अर्जुनाचं झाड, ते तेवढं टिकलं). नागार्जुनाला नागांच्या राजवाड्यात सूत्रं मिळाली अशी कथा आहे. तो राजवाडा म्हणजे ड्रॅगन पॅलेस. आता ससाईंनी उलटा प्रवास केला. ड्रॅगन म्हणजे नाग, राजवाडा म्हणजे पूर. नागपूर! आणि त्यांनी नागपूरची वाट धरली.

स्वप्नावर विश्वास ठेवायचा की नाही, हा इतिहासकाराचा प्रश्न नाही. स्वप्नामुळे पुढे काय घडलं, हा आहे. नागपुरात त्यांची गाठ वामनराव गोडबोले यांच्याशी पडली, ज्यांनी १९५६ च्या धम्मदीक्षा सोहळ्याचं आयोजन केलं होतं. बाबासाहेबांनीही १५ ऑक्टोबरच्या भाषणात नागपूर का निवडलं हे सांगताना नाग लोकांचाच दाखला दिला होता. म्हणजे एकाच "नाग" शब्दाला धरून एक माणूस महूहून निघालेला, दुसरा ओकायामाहून.

इंदोऱ्याच्या बुद्धविहारात आम्ही तीनच्या सुमारास पोचलो. बाहेर कामठी रोडची गजबज, आत गारवा. इथे पाहण्यासारखं जपानी काय, असं विचाराल तर जवळजवळ काहीच नाही. सहलीतल्या एकीने तसं म्हणूनही दाखवलं. हेच तर मला दाखवायचं होतं! सुरुवातीला वस्तीतल्या लोकांना हा मनुष्य विचित्रच वाटला. मग तो "जय भीम" म्हणू लागला, लग्न-मरणाला जाऊ लागला, वस्त्यावस्त्यांत विहार उभे करायला लागला. १९८७ मध्ये व्हिसाची मुदत संपल्याचं प्रकरण कोर्टात गेलं आणि देशाबाहेर काढण्याची वेळ आली, तेव्हा त्याच लोकांनी सह्या गोळा केल्या. ससाई राहिले, भारतीय नागरिक झाले, नाव घेतलं आर्य नागार्जुन. केशवच्या वेळी वर्ध्याला जे करता आलं नव्हतं ते इंदोऱ्याला करता आलं. मधल्या पंचेचाळीस वर्षांत सरकारही बदललं होतं, हे खरं. पण वस्तीची ताकद बदलली होती, हेही तेवढंच खरं.

रामटेकजवळच्या मनसरला मी यावेळी मुद्दाम नेलं नाही. तिथे ससाईंच्या पुढाकाराने, बोधिसत्त्व नागार्जुन स्मारक संस्थेतर्फे, १९९८ पासून मोठं उत्खनन झालं. उत्खनन करणारे जगत्पती जोशी आणि अ. कु. शर्मा यांनी तिथल्या अवशेषांत स्तूप पाहिले. डच अभ्यासक हान्स बाकर यांच्या मते हिडिंबा टेकडीवरचं बांधकाम वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन याचं प्रवरेश्वर शिवमंदिर आहे. मला बाकर यांचे पुरावे जड वाटतात. पण त्या मातीला पुन्हा हात लागला तो एका जपानी भिक्खूच्या श्रद्धेमुळे, आणि वाकाटकांच्या अभ्यासकांनी त्याबद्दल ऋणी असायला हवं. बारा जणींसमोर हा वाद उभ्या उभ्या सोडवण्यात अर्थ नव्हता. मनसरला स्वतंत्र दिवस हवा.

उन्हं उतरताना कामठी. ड्रॅगन पॅलेस टेंपल. नाव ऐकून तुम्ही आता हसला असाल: नागांचा प्रासाद! १९९९ मध्ये उद्घाटन झालेलं हे मंदिर जपानच्या नोरिको ओगावा यांच्या दानातून आणि माजी राज्यमंत्री सुलेखा कुंभारे यांच्या पुढाकारातून उभं राहिलं. आत चंदनाची बुद्धमूर्ती. हिरवळ, कारंजी, संध्याकाळचे दिवे. सहलीला येणारे लोक इथे येऊन म्हणतात, "अगदी जपानमध्ये आल्यासारखं वाटतं." मीही लहानपणी म्हणायचे.

पण कामठी हे बिडी कामगारांचं गाव. माझी आजी इथलीच. सुपात तेंदूपत्ता घेऊन ओट्यावर बसलेली आजी, हेच माझं तिच्याबद्दलचं पहिलं चित्र. या कामगारांना संघटित करणाऱ्यांत बाबू हरदास होते (१९०४–१९३९), जन्म कामठीचाच. "जय भीम" या अभिवादनाचा प्रसार त्यांनी केला. नंतरच्या पिढीत सुलेखाताईंचे वडील दादासाहेब कुंभारे यांनी बिडी कामगारांचं काम पुढे नेलं. म्हणजे जपानी दान येऊन पडलं ते मोकळ्या माळावर नाही. साठ-सत्तर वर्षं मेहनतीने भाजलेल्या पायावर. आणि ओकायामाच्या भिक्खूला नागपुरी करून टाकणारे ते दोन शब्दही आधी याच गावात रुळले होते. पर्यटनाच्या फलकांवर यातलं काही सापडत नाही. तिथे फक्त "जपानी वास्तुशैली" असते.

मंदिरात बोलायचं नसतं, म्हणून हे सगळं मी बाहेर पायऱ्यांवर सांगितलं. आई काही बोलली नाही. मग तिने आपल्या शेजारणीला हळूच सांगितलं, "माह्या सासूनं अन् तिच्या संगच्या बायायनं संपाच्या टायमाले चुली बंद ठेवल्या होत्या." हे मी कधी ऐकलं नव्हतं. चार वर्षं मी जपानी भिक्खूंच्या मुलाखती शोधत फिरतेय आणि घरातल्या बाईला एक प्रश्न विचारायचा राहून गेला. वही गाडीत होती. मी आईला तिथेच थांबवलं, धावत जाऊन वही आणली, तोवर विषय वांग्याच्या भाजीवर गेला होता.

कामठीहून कोराडी अर्ध्या तासाच्या आत. धुराड्यांवरचे लाल दिवे दिसायला लागले तेव्हा हिशेब झाला. माणशी सातशे रुपये, चहासकट. पुढची सहल मनसरची ठरली आहे, पण त्याआधी रविवारी मी आईसोबत कामठीला जाणार आहे, आजीच्या वेळच्या दोन म्हाताऱ्या अजून त्या ओळीत राहतात.