टोमॅटोची फूट काढायची की नाही? उत्तर १९१४ सालात आहे

आज टोमॅटोबद्दल बोलू, आणि त्यातही एकाच प्रश्नावर: बगलफूट काढायची की नाही? पान आणि खोड यांच्या बेचक्यातून कोवळा फुटवा येतो ना, ती बगलफूट.

मी कोड लिहून पोट भरतो, शेतीशी संबंध गच्चीपुरता. मागच्या वर्षी बाबांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. दोन महिने जिना बंद. त्यांनी बी टाकून वाढवलेली बारा रोपं माझ्या ताब्यात आली. मी रात्री बसून पाच-सहा व्हिडिओ पाहिले. सगळ्यांचं म्हणणं एकच: फूट दिसली की खुडा, एकच खोड ठेवा, सुतळीने वर न्या. मी दर रविवारी इमाने इतबारे खुडत राहिलो. बाबा गच्चीवर आले तेव्हा कुंड्यांत बारा काड्या उभ्या होत्या, आणि एकेकीला मोजून सात-आठ टोमॅटो. बाबा चिडले नाहीत, तेच जास्त लागलं. एवढंच म्हणाले, "अरे, ही झुडपी जात. हिची फूट काढलीस म्हणजे पीकच काढलंस."

मग मी शोधायला लागलो की ही झुडपी जात आली कुठून.

टोमॅटोचे रानटी पूर्वज दक्षिण अमेरिकेतले, अँडीज पर्वताच्या पट्ट्यातले. मेक्सिकोत त्याची शेती रुजली आणि नावही तिथलंच, नाहुआत्ल भाषेतल्या 'तोमात्ल'वरून आलेलं. स्पॅनिश लोकांनी तो युरोपात नेला. इटलीत मात्तिओली नावाच्या वैद्याने १५४४ साली त्याची नोंद केली. आपल्याकडे तो पोर्तुगीजांबरोबर आला असं मानतात. वऱ्हाडात त्यालाच भेदरं म्हणतात.

हा जुना टोमॅटो म्हणजे न थांबणारी वेल. गंमत बघा, आपण ज्याला त्याचं मुख्य खोड म्हणतो, ते एकसलग खोड नसतंच. शेंड्याला फुलांचा घोस लागला की तो शेंडा संपतो. मग घोसाच्या लगेच खालची बगलफूट वाढते, साधारण तीन पानं देते, पुन्हा घोस. पुन्हा तेच. आमच्या भाषेत सांगायचं तर हा न थांबणारा लूप आहे. म्हणून त्याला काठी लागते, आणि बाकीची फूट काढली नाही तर नुसतं रान माजतं.

१९१४ साली अमेरिकेत, फ्लोरिडामध्ये, एक वेगळं झाड आपोआप निपजलं. त्यात दोन घोसांमधली पानं कमी कमी होत जायची, शेवटी घोसाला घोस लागायचा आणि वाढ थांबायची. लूपला थांबायची अट मिळाली! या गुणाला नाव पडलं 'सेल्फ-प्रूनिंग', म्हणजे स्वतःची छाटणी स्वतः करणारं. झाड बुटकं राहतं, आणि फळं साधारण एकाच वेळी पिकतात.

एकाच वेळी पिकणं हे यंत्राला हवंच होतं. कॅलिफोर्नियात जॅक हॅना यांनी झुडपी, टणक फळाची जात तयार केली, तर कोबी लॉरेन्झन यांनी तोडणीचं यंत्र. १९६४ च्या अखेरीस मेक्सिकन मजुरांना आणणारी ब्रासेरो योजना बंद झाली. दशक संपेपर्यंत तिथला प्रक्रियेचा टोमॅटो जवळजवळ सगळा यंत्राने तोडला जात होता. हजारो मजुरांचं काम गेलं, छोटे शेतकरीही बाहेर फेकले गेले. १९७९ मध्ये या संशोधनावरून तिथल्या विद्यापीठावर खटला भरला गेला. या सगळ्यामागचा जीन नेमका कोणता, ते १९९८ मध्ये कळलं.

म्हणजे व्हिडिओवाले खोटं सांगत नव्हते. ते वेलीबद्दल बोलत होते, माझ्या कुंडीत झुडूप होतं. झुडपी झाडाची उंची ठरलेली, त्यामुळे बरंचसं पीक फुटव्यांवरच येतं. मी नेमकं तेच खुडलं.

तर आता आमच्या गच्चीचे नियम ऐका. आधी पाकीट वाचायचं. आपल्या पुसा संस्थेच्या जातींतही दोन्ही प्रकार आहेत: पुसा रूबी वाढत जाणारी, पुसा अर्ली ड्वार्फ झुडपी. वेल असेल तर एक-दोन खोडं ठेवून बाकीची फूट बोटाएवढी असतानाच खुडायची. झुडूप असेल तर फक्त पहिल्या घोसाच्या खालची, तीही बेताने. मातीला टेकणारी पानं मात्र दोघांचीही काढायची, कारण करप्याचे बीजाणू मातीवरून पाण्याच्या शिंतोड्यांबरोबर वर उडतात. पाणी बुंध्याशी द्यायचं. आणि तंबाखू मळलेला हात झाडाला लावायचा नाही, त्यातून विषाणू जाऊ शकतो.

या वर्षी बाबांनी पुन्हा बारा रोपं केली, सहा वेली, सहा झुडपं. कुंड्यांवर खडूने 'वे' आणि 'झु' लिहून ठेवलंय. कोणासाठी, ते सांगायला नकोच. भेटू पुढच्या भागात!