शांघायचे शरणपूर

चीन-जपान युद्धाचे नाव निघाले की मराठी वाचकाला प्रथम आठवतात ते सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस. १९३८ साली काँग्रेसने पाठविलेल्या पाच डॉक्टरांच्या पथकातून ते चीनला गेले आणि जखमी सैनिकांची सेवा करीत असतानाच १९४२ साली तेथे त्यांचा अंत झाला. त्याच युद्धाच्या पहिल्या वर्षी एका धर्मगुरूने केलेले कार्य मात्र आपल्या घरांतून फारसे परिचित नाही. ते येथे सांगावे, असे आम्हांस वाटते.

१९३७ हे साल चीनच्या इतिहासात मोठ्या उलथापालथीचे ठरले. त्यापूर्वी दहा वर्षे चँग कै-शेक यांचे राष्ट्रवादी सरकार आणि कम्युनिस्ट परस्परांचे रक्त सांडीत होते. डिसेंबर १९३६ मध्ये सियान येथे चँग यांच्याच सेनापतींनी त्यांना अटकेत ठेवले. यादवी थांबवून जपानशी एकजुटीने लढावे, एवढाच त्यांचा आग्रह होता. पुढे ७ जुलै १९३७ रोजी पेकिंगजवळ मार्को पोलो पुलापाशी जपानी व चिनी सैनिकांत चकमक उडाली. पाहता पाहता तिचे युद्धात रूपांतर झाले आणि सप्टेंबरपर्यंत कालचे वैरी एका आघाडीत उभे राहिले. नोव्हेंबरात तर राजधानीच नानकिंगहून दूर पश्चिमेस चुंगकिंगला हलविण्याची घोषणा झाली.

राज्यकर्ते आघाड्या बांधीत होते, तेव्हा सामान्य माणूस गाठोडे बांधीत होता. १३ ऑगस्टला शांघायमध्ये लढाई पेटली. दुसऱ्याच दिवशी चिनी विमानांतून सुटलेले बॉम्ब चुकून परदेशी वसाहतीतील गर्दीवर पडले आणि शेकडो माणसे मृत्युमुखी पडली. जीव वाचविण्यासाठी लोकांचे लोंढे परकीयांच्या वसाहतींकडे धावले. पण तेथे आता पाऊल ठेवायलाही जागा उरली नव्हती.

अशा वेळी फादर रॉबेर जाकिनो हे फ्रेंच येशूसंघीय धर्मगुरू पुढे आले. १९१३ पासून ते शांघायमध्ये होते. रसायनांच्या प्रयोगात झालेल्या स्फोटात त्यांनी उजवा हात गमावला होता. १९३२ च्या लढाईत दोन्ही सैन्यांकडून चार तासांची युद्धबंदी मिळवून त्यांनी अडकलेल्या नागरिकांना बाहेर काढले होते. आता त्यांनी त्याहून मोठी मागणी केली. फ्रेंच वसाहतीला लागून असलेल्या जुन्या चिनी शहराच्या उत्तर भागात कोणीही शस्त्र चालवू नये आणि तो भाग निःशस्त्र नागरिकांसाठी राखून ठेवावा, ही ती मागणी होय.

ते चिनी अधिकाऱ्यांकडे गेले, जपानी अधिकाऱ्यांकडे गेले, पुन्हा चिनी अधिकाऱ्यांकडे आले. आपल्या भूमीवरील हक्क सोडल्यासारखे होईल, ही चिनी बाजूची चिंता होती. तेथे सैनिक लपतील, ही जपानी बाजूची शंका होती. फादरांनी दोघांचीही समजूत घातली. ९ नोव्हेंबर १९३७ रोजी ते क्षेत्र खुले झाले आणि तीनच दिवसांनी शांघाय पडले. देवळे, शाळा, प्रार्थनामंदिरे या सर्वांत माणसे राहू लागली. सुमारे अडीच लाख जिवांना तेथे आसरा मिळाला. त्यांच्यासाठी रोज भात शिजवायचा, पाणी आणायचे, रोगराई आवरायची, वर्गणी जमवायची, हे काम जून १९४० पर्यंत चालले.

शांघायच्या धर्तीवर नानकिंगमध्येही जॉन राबे या जर्मन व्यापाऱ्याच्या अध्यक्षतेखाली, अमेरिकन प्रॉटेस्टंट मिशनऱ्यांच्या साहाय्याने असे क्षेत्र उभारले गेले. परंतु त्याला जपानने रीतसर मान्यता दिली नव्हती. १३ डिसेंबरला शहर पडल्यावर सैनिक आत घुसले. त्यांनी असंख्य पुरुषांना ओढून नेऊन ठार केले आणि स्त्रियांची विटंबना केली. तरीही त्या क्षेत्रामुळे लाखो लोक वाचले. दोन शहरांतील हा फरक आपण ध्यानी घ्यावा. करुणा दोन्हीकडे होती. शांघायमध्ये तिच्या पाठीशी दोन्ही पक्षांचा आगाऊ होकार होता आणि शेजारी फ्रेंच वसाहतीचा आधार होता.

येथे एक अवघड प्रश्न उभा राहतो. ज्यांच्या तोफांनी घरे पाडली, त्यांच्याच दारी धर्मगुरूने जावे काय? त्यांच्याशी हसून बोलावे काय? त्याच वर्षी ९ ऑक्टोबरला उत्तरेकडील चेंगतिंग येथे डच बिशप फ्रान्स स्क्रावेन आणि त्यांचे आठ सोबती जपानी सैनिकांच्या हातून मारले गेले. आश्रयास आलेल्या स्त्रियांना सैनिकांच्या हवाली करण्यास बिशपांनी नकार दिला होता. एकाने नकार देऊन प्राण दिले आणि दुसऱ्याने वाटाघाटी करून प्राण वाचविले. यांत श्रेष्ठ कोण, हा वाद आम्हांस व्यर्थ वाटतो. दारी आलेला मनुष्य प्रभूच आहे, या एकाच श्रद्धेची ही दोन रूपे होत. मात्र हौतात्म्याचा आपण सहज गौरव करतो. शत्रूच्या कचेरीत ताटकळत बसण्याची, दोन्हीकडून संशय ओढवून घेण्याची तपश्चर्या आपल्या नजरेतून निसटते. तिलाही धैर्यच लागते.

जुन्या करारात इस्राएलमधील सहा शरणपुरांचा उल्लेख आहे. अजाणता हातून मनुष्यवध झालेल्याला तेथे अभय मिळे. शांघायच्या शरणपुरातील माणसांनी तर काहीच केले नव्हते. राष्ट्रवादी आणि कम्युनिस्ट यांची एकी पुढे टिकली नाही, आणि १९४९ मध्ये सत्ताही पालटली. परंतु त्याच १९४९ च्या ऑगस्टमध्ये झालेल्या जिनिव्हा करारात, युद्ध चालू असतानाही उभय पक्षांच्या संमतीने नागरिकांसाठी तटस्थ क्षेत्रे निर्माण करण्याची तरतूद झाली. शांघायमध्ये एका धर्मगुरूने प्रत्यक्ष करून दाखविलेली गोष्ट राष्ट्रांच्या कायद्यात आली.

ते पाहण्यास फादर जाकिनो हयात नव्हते. महायुद्धानंतर उद्ध्वस्त बर्लिनमध्ये निर्वासितांची सेवा करीत असतानाच १९४६ साली त्यांचे निधन झाले. दोन घरांच्या किंवा दोन गटांच्या भांडणात आपल्या धर्मग्रामांतूनही एखादे लेकरू, एखादी म्हातारी मधल्या मध्ये भरडली जाते. अशा वेळी कोणाची बाजू खरी हे ठरविण्याआधी त्यांच्यासाठी एक दार उघडे राहील, एवढे पाहणे आपणांपैकी प्रत्येकाला शक्य आहे.