मस्कतमधील शब्बाथ



परिचारिका म्हणून मी मस्कतमध्ये सहा वर्षे काढली. तेथे आपले प्रार्थनालय नव्हते. शुक्रवारी सूर्यास्तापूर्वी मी खोलीत दिवा लावीत असे आणि काळ्या मनुकांच्या सरबतावर किद्दुश म्हणत असे. या भूमीवर शब्बाथ पाळणारी मीच पहिली, असे मला वाटे. तो माझा भ्रम होता.

दहाव्या शतकातील बुझुर्ग इब्न शहरियार याच्या अरबी ग्रंथात ओमानच्या इसहाक नामक यहुदी व्यापाऱ्याची हकिकत आहे. थोड्या दिनारांनिशी पूर्वेस गेलेला हा गृहस्थ सुमारे तीस वर्षांनी चीनचा माल भरलेले गलबत घेऊन परतला. पुढे 1828 साली बगदादच्या दाऊद पाशाच्या जुलमामुळे काही यहुदी मस्कतला आले. 1835 साली तेथे गेलेल्या जेम्स वेलस्टेड या इंग्रज नौदल अधिकाऱ्याने त्यांची नोंद केली आहे. ते चांदीचे दागिने घडवीत, नाणी पारखीत. वेगळी खूण बाळगण्याची सक्ती त्यांच्यावर नव्हती. तरीही 1900 पर्यंत ती वस्ती नाहीशी झाली.

त्याच पाशाच्या जाचामुळे डेव्हिड ससून बुशेहरमार्गे मुंबईस आले. त्यांनी बांधलेले पुण्याचे 'लाल देऊळ' आजही उभे आहे. परंतु केवळ वास्तूने जमात टिकत नाही. गॅलपच्या पाहणीनुसार अमेरिकेत एखाद्या चर्च, सिनेगॉग वा मशिदीचे सभासद असलेले लोक 1999 साली 70 टक्के होते. 2020 साली ते 47 टक्क्यांवर आले. प्यू संस्थेच्या 2020 च्या पाहणीत दर आठवड्यास सिनेगॉगमध्ये जाणारे प्रौढ यहुदी केवळ 12 टक्के आढळले. तेथे वास्तूंची वा स्वातंत्र्याची वाण नाही.

आपले कारण निराळे. आपली माणसे इस्राएलला गेली, आणि कोकणातील कित्येक प्रार्थनालयांत दहा पुरुष जमणे कठीण झाले. कोणी म्हणेल, नवगावला उतरलेल्या आपल्या पूर्वजांनी प्रार्थनालयाविना शेमा आणि शनिवार जपलाच की! खरे आहे. घरचा दिवा मलाही पुरला.

मात्र मी मस्कतमध्ये असताना वडील निवर्तले. मला येता आले नाही. मुंबईत माझ्या भावाने कद्दिश म्हटला, कारण नऊ पुरुष आपापली कामे टाकून त्याच्या पाठीशी उभे राहिले. त्यांतील काहींनी वडिलांना पाहिलेही नव्हते.

दिवा एकटीने लावता येतो. कद्दिशला दहा जण लागतात. म्हणून येत्या शब्बाथला अवश्य या. कोणाला तरी दहावा हवा असेल.