सिगी : साठ वर्षांनी येणारा उत्सव

पश्चिम आफ्रिकेतील माली देशात, बांदियागाराच्या कड्यांलगत डोगोन लोक राहतात. त्यांचा ‘सिगी’ उत्सव साठ वर्षांतून एकदाच येतो आणि गावोगाव फिरत काही वर्षे चालतो. माणसाच्या पहिल्या मृत्यूच्या स्मरणार्थ महामुखवटा कोरला जातो. विधीची गुप्त भाषा मोजके दीक्षित पुढील सिगीपर्यंत जपतात.

१९६७ साली सिगी आला, तेव्हा फ्रेंच चित्रपटकार ज्याँ रूश व मानववंशशास्त्रज्ञ जर्मेन दिएतर्लेन यांनी वर्षानुवर्षे मागोवा घेत त्याचे चित्रण केले.

पुढील सिगी २०२७ मध्ये अपेक्षित आहे. परंतु गेल्या दशकातील हिंसाचाराने अनेक डोगोन गावे उजाड झाली. चित्रफीत नृत्याची पावले दाखवील. दीक्षा मात्र माणसानेच माणसाला द्यावी लागते.