भाऊसाहेब परत आले!

शेअर सर्टिफिकेटवरचं नाव बदलायचं म्हटलं की आपले सेक्रेटरी आधी मृत्यूचा दाखला मागतात. काहींना राग येतो. पण दाखला नसला की काय होतं, ते पेशवाईनं १५ वर्षं भोगलं!

१४ जानेवारी १७६१, पानिपत. विश्वासराव गोळी लागून पडले, तसे सदाशिवरावभाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसले आणि ऐन गर्दीत घुसले. त्यानंतर ते पुण्याला परतले नाहीत. लढाईनंतर शीर नसलेला एक देह मिळाला, अंगावरच्या खुणांवरून तो भाऊंचा ठरवून दहन केलं, असं शुजाउद्दौल्याच्या पदरचा काशीराज पंडित लिहितो. पण हे शत्रूच्या छावणीत झालेलं. पत्नी पार्वतीबाईंनी ते मानलं नाही. पानिपतावरून त्या स्वतः जिवंत परतल्या होत्या. मग भाऊ का नाही परतणार? त्यांनी कुंकू पुसलं नाही.

आणि एक दिवस 'भाऊ' खरंच आले. माधवराव पेशव्यांच्या काळात चौकशी झाली, मनुष्य निघाला सुखनिधान नावाचा कनोजी ब्राह्मण. तोतया म्हणून त्याला कैदेत टाकलं. प्रकरण मिटलं असं वाटलं.

पण १७७६ साली रत्नागिरीच्या किल्ल्यावरचा अंमलदार रामचंद्र नाईक परांजपे यानंच त्याला सोडवून पुढे केलं. वेळही अचूक साधली. गादीवर दोन वर्षांचे सवाई माधवराव, राघोबादादा इंग्रजांच्या आश्रयाला, कारभारी हैराण. बघता बघता कोकण तोतयाच्या मागे गेलं! लोक काही खुळे नव्हते. फोटो नाही, आधार कार्ड नाही, पंधरा वर्षांत चेहरा बदलणारच. शिवाय भाऊ जिवंत असावेत, ही इच्छा कितीतरी घरांत होतीच. पानिपतावर गेलेल्यांची वाट पाहणाऱ्या पार्वतीबाई एकट्या थोड्याच होत्या?

शेवटी महादजी शिंद्यांच्या फौजेनं बंड मोडलं. पळणारा तोतया आंग्र्यांच्या हाती लागला. पुण्यात पंचांपुढे पुन्हा चौकशी होऊन त्याला डिसेंबर १७७६ मध्ये देहदंड झाला. न. चिं. केळकरांचं 'तोतयाचे बंड' हे नाटक याच प्रकरणावरचं.

पार्वतीबाई १७८३ मध्ये गेल्या, सवाष्ण म्हणूनच.

तिकडे हरियाणात, रोहतकजवळच्या सांघी गावात वेगळीच गोष्ट सांगतात. जखमी भाऊ तिथे पोचले, साधू झाले आणि तिथेच राहिले म्हणे.